खाजणी लोकांची जादू, माठाच्या हिशेबाने

रविवारी दुपारी दादरला बहिणीकडे गेले, तर दिवाणखान्यात टीपॉयवर ठाणे खाडीचा हाताने काढलेला नकाशा पसरलेला. भोवती पाच पोरं मांडी घालून बसलेली. माझी भाची अतिशय गंभीर चेहऱ्याने एका मुलाला सांगत होती, ‘‘तुझी कातडी सुकत चाललीय. मंत्र म्हणायचा असेल तर आधी चिखलात लोळ.’’ त्याने क्षणभर विचार केला आणि म्हणाला, ‘‘बरं, लोळतो.’’ मग वीस बाजूंचा फासा टीपॉयवरून गडगडत गेला.

भावजी चहाचा कप धरून स्वयंपाकघराच्या दारात उभे होते. हळूच मला म्हणाले, ‘‘तुम्ही कॉलेजात बायॉलॉजी शिकवता ना? मग जरा समजावून सांगा. दोन महिने झाले, आमच्या घरात बेडूक राहतायत.’’

तर हा लेख भावजींसाठी. आणि ज्यांच्या घरातली शहाणी, अभ्यासू मुलं अचानक दलदल, मंत्र, ओली कातडी असलं काहीबाही बोलायला लागली आहेत, त्या सगळ्यांसाठी. एक गोष्ट आधीच कबूल करते: या बेडूकप्रकरणात माझाही थोडा हात आहे. खाजणी नावाची ही बेडूकमाणसांची जमात भाचीने खेळासाठी रचलेली. मी फक्त फोनवर ‘‘अगं, असं होऊच शकत नाही’’ म्हणत राहिले, आणि दर वेळी तिने माझ्या नकारातून एक नवा रिवाज काढला.

## आधी खेळ काय आहे तो

चार-सहा जण बसून तोंडी गोष्ट रचतात, एवढाच हा खेळ. एक जण सूत्रधार, बाकीचे एकेक पात्र. सूत्रधार प्रसंग उभा करतो, पात्रं आपण काय करणार ते सांगतात, आणि जमलं की फसलं याचा निवाडा फासा करतो. आपल्या दशावतारात संवाद उभ्या उभ्या सुचतात, तसंच. फरक इतकाच की दशावतारात पुढे काय होणार ते प्रेक्षकांनाही ठाऊक असतं, इथे ते सूत्रधारालाही धड ठाऊक नसतं.

भरतीचं पाणी जिथवर आत शिरतं त्या सखल, खाऱ्या, चिखलट जमिनीला खाजण म्हणतात. तिथे राहणारे म्हणून हे खाजणी. बेडकासारखे, पण दोन पायांवर चालणारे, बोलणारे, आपल्या कमरेएवढे उंच. कुठल्या पुराणात ते नाहीत, कुठल्या लोककथेतही नाहीत. भाचीच्या दोनशे पानी वहीत आहेत.

## उभयचर म्हणजे माठ

‘पाण्यात आणि जमिनीवर दोन्हीकडे राहतो तो उभयचर,’ हे आपण सगळ्यांनी शाळेत घोकलेलं आहे. व्याख्या खोटी नाही, पण निरुपयोगी आहे. मगरही दोन्हीकडे राहते, कासवही राहतं. ती दोघं उभयचर नाहीत. बेडूक, सॅलमँडर आणि गांडुळासारखी दिसणारी देवगांडुळं या तीन गटांत मिळून आठ हजारांहून अधिक जाती आहेत. त्यांना बांधणारी खरी गोष्ट म्हणजे त्यांची कातडी.

आपली कातडी स्टीलच्या कळशीसारखी आहे. आतलं पाणी आत, बाहेरचं बाहेर. घाम सोडला तर फारसा व्यवहार नाही. बेडकाची कातडी म्हणजे मातीचा माठ. तो पाझरतो. कोरड्या वाऱ्यात ठेवला तर रिकामा होत जातो, आणि रिकामा माठ पाण्यात बुडवला तर स्वतःच पाणी पितो. बेडूक तोंडाने पाणी पीतच नाही. ओल्या जागी पोट टेकून बसतो आणि पोटाच्या कातडीतून पाणी आत घेतो. श्वासाचंही तसंच. त्याला फुप्फुसं आहेत, पण आपल्यासारखी बरगड्यांनी छाती फुगवणं त्याला जमत नाही. घशाचा तळ लोहाराच्या भात्यासारखा वरखाली करून तो हवा गिळतो. उरलेला बराच प्राणवायू ओल्या कातडीतूनच येतो. कातडी सुकली की नाकासमोर हवा असूनही बेडूक गुदमरतो.

एवढं लक्षात ठेवलं की खाजणी लोकांचं नव्वद टक्के कळलं. त्यांचा नमस्कार, त्यांचं लग्न, त्यांची जादू, सगळं या पाझरणाऱ्या माठातून निघतं. बाकी मी जे सांगणार आहे ते या एका वाक्याचं पाल्हाळ आहे.

## पण मावशी, खाडीत बेडूक कुठे असतात?

हा आक्षेप मी स्वतःच घेतला होता, आणि तो मोठा आहे.

काकडीच्या कोशिंबिरीला मीठ आधीच घातलं तर पानात वाढेपर्यंत वाटीत पाणी होतं. काकडीतलं पाणी मिठाकडे धावतं. शास्त्रात याला परासरण म्हणतात. पातळ द्रावणाकडून दाट द्रावणाकडे पाणी झिरपणं. आता काकडीच्या जागी बेडूक ठेवा. समुद्राच्या एका लिटर पाण्यात सुमारे ३५ ग्रॅम क्षार असतात. बहुतेक बेडूक त्यात सोडले तर पाण्यात बसून तहानेने मरतील. म्हणून विहिरीत बेडूक, शेतात बेडूक, आरेच्या डबक्यात बेडूक. पण दांड्याच्या किनाऱ्यावर लाटांत डुंबणारा बेडूक कोणी पाहिलेला नाही.

भाचीला हे सांगितलं तेव्हा ती रडवेली झाली. सगळा नकाशा खाडीचा काढून झाला होता. मग मी तिला अपवाद सांगितला. आग्नेय आशियातल्या खारफुटीत एक खेकडे खाणारा बेडूक आहे. तो मिठाशी भांडत नाही. आपण जो युरिया लघवीतून टाकून देतो, तोच तो रक्तात साठवून ठेवतो. रक्तच इतकं दाट करतो की बाहेरच्या पाण्याला आतून काही ओढून घेता येत नाही. म्हणजे काकडीने आधीच स्वतःला मीठ चोळून घ्यावं तसं.

मिठाशी जमवून घेणारे आपल्या खाडीतही आहेतच. तिवराचं झाड नको असलेलं मीठ पानांतून बाहेर टाकतं. उन्हाच्या दिवशी पान चाटून बघा, खारट लागतं. ओहोटीला चिखलावर टणाटण उड्या मारणारी निवटी तर सगळ्या कोळीवाड्यांना माहीत आहे. ती मासा आहे, उभयचर नाही, पण ओल्या कातडीतून आणि गालात भरून ठेवलेल्या पाण्यावर श्वास घेत जमिनीवर बागडते. निसर्गाने मुंबईच्या चिखलात ‘अर्धा पाण्यात, अर्धा जमिनीवर’ हा प्रयोग करून ठेवला आहे. नाव फक्त वेगळं.

तेव्हा खाजणी लोकांचा तोडगा असा निघाला: मोठे खाजणी युरियावाले, त्यामुळे खाऱ्या पाण्यात टिकतात; पण अंडी घालायला गोडं पाणीच लागतं. म्हणून त्यांची गावं नेमकी तिथे, जिथे ओढा खाडीला मिळतो. भाचीच्या नकाशावर अशी सात गावं आहेत. मिठी नदीचं मुख तिने आधी घेतलं होतं, मग खोडलं. विहार आणि पवई तलावांचं जादा पाणी घेऊन निघालेली ही नदी माहीमला पोचेपर्यंत तिची काय अवस्था होते ते आपण पुलावरून जाताना नाक दाबून बघतोच. माठाला बाहेरचं जे लागतं ते आत जातं. पाझरणाऱ्या कातडीच्या लोकांना तिथे एक रात्र काढणं शक्य नाही. खऱ्या बेडकांची गोष्टही काही वेगळी नाही. जगातल्या उभयचरांच्या दर पाच जातींपैकी साधारण दोन आज धोक्यात आहेत, आणि कातडीवर वाढणाऱ्या एका बुरशीने जगभर त्यांचा फडशा पाडला आहे.

## भरतीचं घड्याळ आणि कातीची शपथ

आता ही माणसं, म्हणजे बेडूकमाणसं, राहतात कशी?

वेळ ते तिथीवर मोजतात. हे भाचीने तिच्या वर्गातल्या एका मुलाकडून उचललं. कोकणात जुनी माणसं भरतीची वेळ अशी काढतात: तिथीला पाऊणने गुणायचं. अष्टमी असेल तर आठ पाऊण सहा, म्हणजे सहाच्या सुमाराला भरती. हिशेब ढोबळ, पण मोबाइलला रेंज नसताना कामाचा. अष्टमीच्या आसपास पाणी कमी चढतं, त्याला भांग म्हणतात, पुनव-अवसेला उधाण. पावसाळ्यातल्या मोठ्या उधाणात मुंबईला पाणी साडेचार मीटरच्या वर चढतं. खाजणी लोक भांगात बाजार भरवतात, उधाणात भांडणं मिटवतात. कारण उधाणात सगळ्यांची घरं पाण्याखाली, सगळे एकाच उंचवट्यावर दाटीवाटीने, तेव्हा अबोला धरणार कोणाशी?

भेटल्यावर ते हात मिळवत नाहीत. पाहुण्याच्या पाठीवर ओंजळभर पाणी ओततात. आपण घरी आलेल्याला आधी तांब्या-भांडं पुढे करतो तेच, फक्त तोंडाऐवजी पाठीवर. पाणी न ओतता दारात उभं ठेवणं हा त्यांच्यातला सगळ्यात मोठा अपमान, आणि कोरड्या हाताने दुसऱ्याला स्पर्श करणं हा चक्क गुन्हा.

कातीची शपथ मला सगळ्यात आवडते, कारण ती जवळजवळ खरी आहे. बेडूक ठरावीक दिवसांनी कात टाकतात आणि पुष्कळदा स्वतःच खाऊन टाकतात. चांगला माल वाया का घालवायचा? खाजणी लोकांत करार करायचा तर दोघं आपापली कात एकमेकांना खायला देतात. त्यानंतर शब्द मोडता येत नाही, कारण दुसऱ्याचा तुकडा पोटात असतो. पोरं हे ऐकून ‘‘ईऽऽ’’ करून ओरडली. मी त्यांना खऱ्या देवगांडुळांबद्दल सांगितलं. त्यांच्या काही जातींत आईच्या कातडीचा वरचा थर जाड आणि पौष्टिक होतो आणि पिल्लं तो दातांनी खरवडून खातात. आई निवांत पडून असते. आपण म्हणतो ना, अंगाच्या कातड्याचे जोडे करून घातले तरी आईचे उपकार फिटायचे नाहीत. ही आई जोडे नाही, जेवणच करून घालते. त्यानंतर ‘‘ईऽऽ’’ थांबलं.

बालपणाचा प्रश्न मात्र अवघड होता. बेडकाचं पिल्लू माशासारखं असतं: शेपटी, कल्ले, आणि बहुतेक जातींत शेवाळ खरवडायला बनलेलं तोंड. मग काही आठवड्यांत पाय फुटतात, लांबलचक आतडं आखूड होतं, शेपटी गळून पडत नाही तर शरीरच ती पचवून टाकतं. याला रूपांतरण म्हणतात, आणि त्याची किल्ली गळ्यातल्या थायरॉइड ग्रंथीत असते. १९१२ मध्ये गुडरनाच नावाच्या शास्त्रज्ञाने पिल्लांना थायरॉइडचे तुकडे खाऊ घातले, तर ती वेळेआधीच रूप बदलून माशीएवढे बेडूक झाली. या ग्रंथीला काम करायला आयोडीन लागतं. उलट मेक्सिको सिटीजवळच्या तळ्यांतला अ‍ॅक्सोलॉटल नावाचा सॅलमँडर सहसा रूप बदलतच नाही. कल्ले मिरवत, पोरासारखाच राहून म्हातारा होतो. त्याला थायरॉइडचा अर्क दिला तर मात्र तोही बदलतो.

समुद्रात आयोडीन भरपूर. म्हणून खाजणी मुलं ओढ्याच्या गोड्या पाण्यात वाढतात आणि वयात आली की वडीलधारे त्यांना समुद्राच्या तोंडाशी नेऊन शेवाळ चारतात. त्या विधीला ते ‘शेपूट गिळणं’ म्हणतात. जी मुलं जायला नकार देतात ती आयुष्यभर पाण्यातच, कल्ल्यांसकट राहतात. गावाच्या पंचायतीत त्यांना मत असतं, पण ऐकायला पंचांना पाण्यात उतरावं लागतं. (हे भाचीच्या एका मैत्रिणीचं पात्र आहे. ती म्हणते, मला मोठं व्हायचंच नाही. बारावीचं वर्ष आहे, मी काही बोलले नाही.)

## जादूला किंमत काय?

इथून पुढे भावजींनी खुर्ची ओढून घेतली.

खाजणी जादूचं चलन एकच: अंगातलं पाणी. पूर्ण भिजलेल्या खाजण्याच्या अंगात सात ओंजळी असतात असं खेळाने ठरवलं आहे. प्रत्येक मंत्राला एक, दोन, तीन ओंजळी खर्च होतात. दोनच्या खाली गेलं की हात थरथरतात, शून्य झालं की मरण. पाणी परत मिळवायचं तर चिखलात पोट टेकून बसावं लागतं, आणि त्याला वेळ लागतो. तो मुलगा चिखलात का लोळत होता ते आता कळलं असेल.

जादूचे प्रकार वहीत बरेच लिहिलेत, पण मला पटलेले तीन.

पहिली गळ्याची. बेडूक ओरडतो तेव्हा तोंड मिटलेलं असतं. हवा फुप्फुसातून गळ्याखालच्या पिशवीत जाते, पुन्हा आत येते. तीच हवा पुन्हा पुन्हा वापरतो. म्हणून खाजणी मंत्र तोंड मिटून म्हणतात. समोरच्याला कळतच नाही कोण म्हणतंय. आणि हे मंत्र वृंदात स्वस्त पडतात: वीस जणांनी मिळून म्हटला तर प्रत्येकाच्या वाट्याला घोटभर खर्च. आता पावसाळ्यातल्या खऱ्या डबक्यापाशी चला. तिथे गळा फाडून ओरडणाऱ्या नराशेजारी कधी कधी एक गप्प नर बसलेला असतो. ओरडायला फार ताकद लागते, शिवाय आवाजाने साप-वटवाघूळ येतं. हा शहाणा काही न करता बसतो आणि आवाजाकडे येणाऱ्या मादीला वाटेतच गाठतो. खाजणी वृंदातही असे असतात. त्यांना भाचीने नाव ठेवलंय ‘आयतोबा’. वृंदात आयतोबा सापडला तर शिक्षा एकच: पुढचा मंत्र त्याने एकट्याने म्हणायचा, पूर्ण किमतीत.

दुसरी कातडीची. दक्षिण अमेरिकेतले रंगीबेरंगी विषारी बेडूक आपलं विष स्वतः बनवत नाहीत. ते मुंग्या आणि कोळ्याच्या जातीचे बारीक किडे खातात, त्यातलं विष कातडीत साठवतात. पाळून त्यांना साधे किडे चारले तर ते बिनविषारी होतात. खाजणी वैदू आणि विषारी मांत्रिक दोघंही याच तत्त्वावर. कोण काय करू शकतं हे गेल्या महिनाभरात त्याने काय खाल्लं यावर ठरतं. मागच्या रविवारी पोरांनी एका दुष्ट मांत्रिकाला पकडलं आणि मारण्याऐवजी एकवीस दिवस वरणभातावर ठेवलं. सुटला तेव्हा त्याच्या हातून साधी पुळीही उठेना.

भावजी म्हणाले, ‘‘म्हणजे पथ्य.’’ अगदी.

तिसरी झोपेची. उत्तर अमेरिकेतला एक रानबेडूक हिवाळ्यात खरोखर गोठतो. हृदय थांबतं, श्वास थांबतो. यकृतातून रक्तात ओतलेली साखर पेशींना वाचवते, आणि वसंतात तो वितळून उडी मारत निघून जातो. मुंबईत बर्फ नाही, पण उन्हाळा आहे. आपले बेडूक चैत्र-वैशाखात चिखलात खोल पुरून घेतात आणि मृगाचा पाऊस पडला की वर येतात. मोठा भारतीय बेडूक तर विणीच्या हंगामात असा हळदीसारखा पिवळा होतो की कोणीतरी रंगवून सोडलाय असं वाटावं. खाजणी मांत्रिक या झोपेत शिरून वर्षानुवर्षं पडून राहू शकतात, पण उठतात तेव्हा एकच ओंजळ शिल्लक असते आणि पाऊस पडत असला तरच वाचतात. म्हणजे उठण्याचा दिवस आधी ठरवावा लागतो. हवामान खात्याचा अंदाज चुकला तर संपलं.

भविष्यकथनाची जादू भाचीने घेतली नव्हती, ती मी सुचवली. साधारण १९३० च्या दशकापासून तीसेक वर्षं जगातल्या अनेक दवाखान्यांत गर्भचाचणी बेडकीवर व्हायची. बाईच्या लघवीचा अंश आफ्रिकी नखी बेडकीला टोचायचा. बाई गरोदर असेल तर दिवसभरात बेडकी अंडी घालायची. लॅन्सलॉट हॉग्बेन या शास्त्रज्ञाच्या नावाने ती चाचणी ओळखली जाते. यामागचं कारण माहीत नसलेल्या माणसाला हे दाखवलं असतं तर तो बेडकीला नारळ फोडून आला असता. प्राचीन इजिप्तमध्ये बाळंतपणाची देवता, हेकेट, बेडकाच्या तोंडाची होती. योगायोग आहे, पण काय योगायोग आहे!

## जादूच आहे तर काहीही का चालत नाही?

भावजींचा हा प्रश्न रास्त होता. मंत्रच म्हणायचे तर एका मंत्राने खाडी आटवा, दुसऱ्याने सोनं पाडा. ओंजळी मोजत कशाला बसायचं?

याचं उत्तर त्यांच्याच लहानपणात आहे. चाळीच्या मधल्या चौकात ते क्रिकेट खेळायचे. एक टप्पा आउट. भिंतीपलीकडे गेला तर आउट, आणि चेंडू आणायला फलंदाजाने जायचं. तळमजल्यावरच्या खिडकीला लागला तर आउट आणि वर डाव बंद. हे नियम कुठल्या पुस्तकातून आले? चौक अरुंद होता, भिंत बुटकी होती आणि तळमजल्यावर एक खडूस आजोबा होते. नियम जागेतून आले. ते काढून टाकले असते तर खेळ सोपा झाला नसता, खेळच उरला नसता.

खाजणी जादूचे नियम त्याच पद्धतीने त्यांच्या शरीरातून आणि चिखलातून आलेत. वाळवंटातल्या जमातीची जादू वेगळी असली पाहिजे, हिमालयातल्यांची वेगळी. मुलांनी आधी जी जादू लिहिली होती ती कोणाचीही असू शकली असती: आगीचे गोळे, विजा, अदृश्य होणं. माठात आगीचा गोळा कसा ठेवणार? ते सगळं गेलं, आणि गेलं तेव्हाच ही माणसं जिवंत झाली असं माझं मत आहे.

## दलदलीतले लोक नेहमी वाईटच का?

पहिल्या आवृत्तीत खाजणी खलनायक होते. बुटके, कपटी, भाले घेतलेले, नायकांवर चिखलातून झडप घालणारे. जगभरच्या कल्पित दलदलींत थोड्याफार फरकाने असेच लोक राहतात. का, ते उघड आहे. या गोष्टी कोरड्या जमिनीवरची माणसं लिहितात. आपणही बेडकाला कधी भाव दिलेला नाही. विहिरीतला बेडूक म्हणजे संकुचित, बेडकी फुगली म्हणजे गर्विष्ठ. फक्त व्याकरणकारांनी त्याच्या उडीचा मान ठेवला: पाणिनीच्या सूत्रांत एखादा शब्द मधली सूत्रं ओलांडून पुढे लागू होतो त्याला मंडूकप्लुती म्हणतात. माझा हा लेखही त्याच गतीने चाललाय म्हणा.

बदल झाला तो एका मुलीमुळे. ती कोळीवाड्यातली. ‘चिखल घाणेरडा असतो’ असं सूत्रधार म्हणाली, तर ती शांतपणे म्हणाली, ‘‘कोणी सांगितलं? आमच्या घरी रविवारच्या निवट्या तिथूनच येतात. घाण वरून टाकतात, चिखल नाही करत.’’ खोलीत थोडा वेळ कोणी बोललं नाही. त्या दिवसापासून खाजणी नायक झाले आणि वरून राडारोडा टाकणारे डंपर खलनायक. त्याच मुलीने आणखी एक नियम घालून दिला, जो मला फार शहाणपणाचा वाटतो: खाजणी लोकांना कोळ्यांची दैवतं, गाणी, सण द्यायचे नाहीत. खरी माणसं खाडीवर पिढ्यानपिढ्या राहतायत. त्यांना बेडकाचा मुखवटा चढवून खेळात आणायचं कारण नाही.

## हे अंधश्रद्धेत मोडतं का?

शेजारच्या काकूंनी खरंच विचारलं होतं की हे जादूटोणा कायद्यात बसतं का. महाराष्ट्राचा तो कायदा २०१३ चा. तो फसवणूक, शोषण आणि अघोरी प्रकारांवर आहे. टीपॉयभोवती बसलेल्या पाचही जणांना माहीत आहे की हे खोटं आहे. कोणी कोणाकडून पैसे घेत नाही, कोणाचा आजार बरा करत नाही. काकूंचं समाधान झालं. पण त्यांनी लगेच धोंडीची आठवण काढली. पाऊस लांबला की गावात एका पोराला कडुनिंबाचा पाला गुंडाळायचे, मुसळाला बेडूक बांधायचे आणि घरोघर पाणी मागत फिरायचे. काही ठिकाणी बेडकांची लग्नंही लावतात.

यात एक साधी उलटापालट आहे. पाऊस आल्यावर बेडूक ओरडतात. हजारो वर्षं माणसाने दोन्ही गोष्टी एकत्र पाहिल्या आणि ठरवलं की बेडूक ओरडल्यामुळे पाऊस येतो. ऋग्वेदाच्या सातव्या मंडलात १०३ वं सूक्त आख्खं बेडकांवर आहे. वर्षभर मौन पाळून पावसाबरोबर बोलू लागणाऱ्या बेडकांना त्यात व्रतस्थ ब्राह्मणांची उपमा आहे. ते काव्य सुंदरच आहे. मुसळाला बांधलेल्या बेडकाला मात्र त्यातलं काही कळत नाही, तो सुकत असतो.

पोरांनी हे सगळं ऐकून खाजणी लोकांना एक विनोद दिला. कोरडे लोक पाऊस मागायला येतात तेव्हा खाजणी म्हातारी म्हणते, ‘‘आम्ही आणत नाही रे, आम्ही ओ देतो.’’

२६ जुलैचा विषय त्यावरूनच निघाला. २००५ साली त्या दिवशी सांताक्रूझला चोवीस तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस पडला. मी कुर्ल्याहून सायनपर्यंत कमरेएवढ्या पाण्यातून चालत आले होते. ते पाणी कसलं होतं ते आठवलं की आजही आंघोळ करावीशी वाटते. किती माणसं गेली त्या पावसात. पोरांपैकी एकही तेव्हा जन्मलेला नव्हता. त्यांनी वहीत खाजणी इतिहासात त्या वर्षाची नोंद केली आहे, आणि ती आनंदाची नाही. सगळ्या खाडीचं पाणी एका रात्रीत गोडं झालं, इतकी अंडी कधी पडली नव्हती. मग वरून शहर वाहत आलं, आणि त्या पिढीतलं एकही मूल शेपूट गिळायला उरलं नाही.

सध्याचा पेच वेगळाच आहे, आणि तो त्यांनी माझ्यावर सोपवलाय. एका खाजणी मुलीला दादरहून ठाण्याला पोचायचं आहे, अर्ध्या तासाची फास्ट लोकल. अंगात पाच ओंजळी. भाचीचं म्हणणं, एसी लोकल. गर्दी कमी, कोणाच्या कोरड्या हाताचा धक्का लागणार नाही. मी म्हटलं, एसीची हवा कोरडी असते, सारखी अंगावर येते, कुर्ला यायच्या आत तीन ओंजळी जातील. मग साधी लोकल, दारात उभी राहून? जून महिना आहे, बाहेरून पाऊस आत मारतोय, ते चांगलं. पण संध्याकाळी सहाच्या गाडीत तिला दारात उभं राहू देणार कोण? भावजी इतका वेळ गप्प होते. म्हणाले, ‘‘कोळणींच्या डब्यात बसवा ना. तिथे पाट्या असतात, ओलं असतं, आणि कोणी काही विचारत नाही.’’

भाचीने त्यांच्याकडे पाहिलं आणि फासा पुढे केला.